पात्राला जमतं ते तिला का जमू नये?

तुमचा प्रश्न आधी थोडक्यात मांडते. तुम्ही हौशी नाट्यगट चालवता. नव्या विनोदी नाटकात सेरेब्रल पाल्सी असलेल्या, म्हणजे मेंदूला इजा झाल्यामुळे हालचालींवर पूर्ण ताबा नसलेल्या, एका तरुणीची मोठी भूमिका आहे. गटातली एक मुरलेली अभिनेत्री ती झोकात करेल याची तुम्हाला खात्री आहे. तेवढ्यात खरोखर सेरेब्रल पाल्सी असलेली एक मुलगी ऑडिशनला आली. अनुभव नाही, बोलणं संथ, हात थरथरतात, पण वाचनात दोनदा तिने सगळ्यांना हसवलं. त्यात कोणीतरी तुम्हाला अमेरिकी विनोदी कलाकार मैसून झायद यांचं भाषण दाखवलं आणि तुमची पंचाईत झाली. तुम्ही विचारता, अभिनय म्हणजे आपण जे नाही ते होणं. मग अपंग पात्र अपंगानेच करावं हा हट्ट कशाला? आणि प्रयोग पडला तर?

मी 22 वर्षं विनोदी नाटकं बसवतेय. त्यातली शेवटची 9 वर्षं अपंग कलाकारांबरोबर बरंच काम झालं. त्याआधी मीही तुमच्यासारखंच म्हणायचे, आणि फार ठासून म्हणायचे. आता माझं उत्तर असं: त्या मुलीला पुन्हा बोलवा, आणि या वेळी नीट ऑडिशन घ्या. कारण तुमच्याच वर्णनावरून मला दिसतंय की पहिल्यांदा तुम्ही तिचं वाचन ऐकलंच नाही, तिचे हात बघत बसलात.

झायद यांची गोष्ट पूर्ण सांगते, कारण भाषणातलं एखादं टाळीचं वाक्य ऐकून लोक वाद घालायला लागतात आणि त्यामागचा प्रसंग राहून जातो. त्या न्यू जर्सीत वाढल्या, आईवडील पॅलेस्टिनी. जन्माच्या वेळी डॉक्टरच्या हातून घोळ झाला, मेंदूला प्राणवायू कमी पडला आणि सेरेब्रल पाल्सी झाली. वडिलांनी त्यांच्या टाचा आपल्या पावलांवर ठेवल्या आणि चालायला लागले. पाच वर्षांच्या वयात त्या तशा चालायला शिकल्या. पुढे शिष्यवृत्तीवर विद्यापीठात गेल्या, नाटक शिकल्या. तिथे एक नाटक आलं. त्याची नायिका सेरेब्रल पाल्सी असलेली मुलगी. झायद यांना वाटलं, आयुष्यभर याच भूमिकेची तालीम चाललीय, ही तर आपलीच. भूमिका मिळाली अपंगत्व नसलेल्या मुलीला. त्या रडतरडत विभागप्रमुखांकडे गेल्या. उत्तर मिळालं की नाटकातले स्टंट तुला जमणार नाहीत असं त्यांना वाटलं. झायद म्हणाल्या, मला जमत नसतील तर त्या पात्रालाही जमत नाहीत.

या वाक्यावर मी बरेच दिवस अडकले होते. वरवर बघितलं तर ती हजरजबाबी कोटी आहे. पण दिग्दर्शकाच्या खुर्चीतून ऐकलं तर ती संहितेवरची टीका आहे. पात्राला सेरेब्रल पाल्सी आहे असं लेखक लिहितो आणि पुढच्या पानावर तिला असं काही करायला लावतो जे ती करणार नाही, किंवा वेगळ्या पद्धतीने करेल. ते कोणाच्या लक्षात येत नाही, कारण तालमीच्या खोलीत ते लक्षात येईल असं माणूसच नाही. तुमची मुरलेली अभिनेत्री ते सहज करून दाखवेल, आणि नाटक तिथेच खोटं पडेल.

झायद यांना नाटकातून दार उघडेना, तेव्हा त्यांनी बघितलं की छोट्या पडद्यावर ज्या बायका साच्यातल्या सुंदर दिसत नाहीत तरी काम मिळवतात, त्यांतल्या बऱ्याच जणी विनोदाच्या मंचावरून आल्यात. मग त्याही माइकसमोर गेल्या. 2003 मध्ये विनोदकार डीन ओबेदल्लाह यांच्याबरोबर न्यूयॉर्कमध्ये अरब अमेरिकी विनोदकारांचा महोत्सव सुरू केला. 2013 च्या डिसेंबरमध्ये टेडविमेन या भाषणांच्या कार्यक्रमात त्या मंचावर बसून बोलल्या, आणि ते भाषण लाखो लोकांनी बघितलं. लहानपणापासून त्यांना 'जनरल हॉस्पिटल' या मालिकेत काम करायचं होतं. ते झालं 2019 मध्ये. भूमिका वकिलाची. रुग्णाची नाही, कोणाच्या दयेला पात्र ठरलेल्या बहिणीची नाही, वकिलाची. या मुद्द्याकडे मी पुन्हा येते.

आता विनोदाबद्दल, कारण तुमचं नाटक विनोदी आहे आणि खरी भीती तिथे आहे: अपंग मुलगी मंचावर आली की प्रेक्षक हसायचे थांबतील. भीती खोटी नाही. थांबतात. हसलो तर पाप लागेल असं त्यांना वाटतं. झायद त्या भाषणाची सुरुवात कशी करतात बघा. मी दारू प्यायलेली नाही, म्हणतात, पण माझ्या जन्माच्या वेळचा डॉक्टर प्यायलेला होता. त्यांचं शरीर थरथरताना सभागृहाला दिसलेलं आहे. हे काय चाललंय, हा प्रश्न प्रत्येकाच्या मनात आहे आणि तो विचारायची लाज वाटतेय. त्यांनी तो प्रश्न स्वतः उचलला, सगळ्यात वाईट शंका स्वतःच बोलून दाखवली आणि दुसऱ्याच क्षणी ती डॉक्टरवर ढकलली. हशा पडतो तो डॉक्टरवर. प्रेक्षक सुटतो. त्यानंतर काहीही बोलता येतं.

दुसरा विनोद आणखी कारागिरीचा. शोषणाचं ऑलिंपिक असतं तर सुवर्ण मलाच मिळालं असतं, म्हणतात: मी पॅलेस्टिनी आहे, मुस्लिम आहे, बाई आहे, अपंग आहे, आणि राहते न्यू जर्सीत. चार पायऱ्या दुःखाच्या, चढत्या. पाचव्या पायरीवर पाय ठेवायला जावं तर तिथे जमीनच. न्यूयॉर्कवाले न्यू जर्सीची कायम टिंगल करतात, हे तिथल्या प्रेक्षकाला माहीत आहे. आता हेच वाक्य 'अपंग' या शब्दावर संपवून बघा. सभागृह हळहळेल. अपंगत्व यादीच्या शेवटी न ठेवता मधे ठेवलं, हीच त्यातली गोम. नवोदितांना मी हे वाक्य क्रम बदलून म्हणायला लावते. दुसऱ्या फेरीत त्यांना आपोआप कळतं.

जाता जाता, मी 'अपंग' असंच लिहिते. ज्यांच्याबरोबर काम केलं त्यांतल्या बहुतेकांना हा शब्द चालतो. 'दिव्य' काही म्हटलं की देव्हाऱ्यात बसवल्यासारखं वाटतं, असं एक जण म्हणाला होता, आणि देव्हाऱ्यातल्या मूर्तीला संवाद नसतात. ऑस्ट्रेलियाच्या स्टेला यंग यांनी याच देव्हाऱ्यावर हल्ला चढवला. त्या पत्रकार होत्या, विनोदी कलाकार होत्या, व्हीलचेअर वापरायच्या. अपंग माणसाने साधं रोजचं काम केलं तरी बाकीच्यांनी त्यातून प्रेरणा उकळायची, या सवयीला त्यांनी 'इन्स्पिरेशन पॉर्न' असं झोंबणारं नाव देऊन ते रूढ केलं. जिन्याकडे बघून कितीही हसलं तरी त्याचा रॅम्प होत नाही, हे वाक्य त्यांचंच. 2014 मध्ये त्या गेल्या, वय अवघं 32. तुमच्या जाहिरातीत 'जिद्दीला सलाम' वगैरे छापायचा बेत असेल तर आत्ताच खोडा. विनोदी नाटकाच्या जाहिरातीत 'सलाम' दिसला की प्रेक्षक रुमाल घेऊन येतो.

तर मूळ वाद. व्हीलचेअर वापरणारी बाई गायिका बियॉन्से साकारू शकत नसेल, तर बियॉन्सेनेही व्हीलचेअर वापरणारी बाई साकारू नये, असं झायद म्हणतात. तुमचं म्हणणं, अभिनय म्हणजे परकायाप्रवेश. तत्त्व म्हणून मला तुमचं पटतं. अडचण अशी की हा प्रवेश एकाच दिशेने चालतो. अपंगांच्या हक्कांसाठी काम करणाऱ्या रुडरमन फॅमिली फाउंडेशनने 2016 मध्ये अमेरिकी दूरचित्रवाणीवरच्या अपंग पात्रांची पाहणी केली, तेव्हा त्यांतली 95 टक्के पात्रं अपंग नसलेले कलाकार करत होते. अपंग नटाला राजा, चोर, नवरा, बँक मॅनेजर कोणी देत नाही, कारण तो अपंग आहे. आणि अपंग पात्रही देत नाहीत, कारण स्टंट जमणार नाहीत. मग त्याने परकायाप्रवेश करायचा तरी कुठे? ज्या दिवशी तो बँक मॅनेजर करायला लागेल त्या दिवशी तुमचं तत्त्व मी भिंतीवर लावीन.

जुनी एक हकीकत सांगते. हॅरोल्ड रसेल हे दुसऱ्या महायुद्धाच्या काळातले अमेरिकी सैनिक. प्रशिक्षणातल्या स्फोटात दोन्ही हात गेले, त्या जागी धातूचे आकडे आले. 1946 च्या एका चित्रपटात त्यांनी युद्धावरून परतलेल्या खलाशाचं काम केलं. सहायक अभिनेत्याच्या ऑस्करसाठी नामांकन मिळालं, पण हा काही जिंकत नाही असं धरून अकादमीने त्यांच्यासाठी आधीच एक मानद ऑस्कर काढून ठेवला. त्याच रात्री ते स्पर्धेतला ऑस्करही जिंकले. एकाच भूमिकेसाठी दोन. लोक ही गोष्ट कौतुकाने सांगतात. मला त्यात ते 'काढून ठेवणं' दिसतं. कलाकाराबद्दल प्रेम आहे, आदर आहे, फक्त तो खरोखर चांगला असू शकेल हा विचार शिवत नाही. तुमच्या पत्रात 'तिला एखादी छोटी भूमिका देऊन सामावून घेऊ' असं वाक्य आहे. तोच हा मानद ऑस्कर.

त्यानंतरचा हिशोब फार लांबवत नाही. कर्णबधिर अभिनेत्री मार्ली मॅटलिन 1987 मध्ये ऑस्कर जिंकल्या, वयाच्या 21 व्या वर्षी. पुढचा कर्णबधिर विजेता, ट्रॉय कॉट्सर, 2022 मध्ये. मधे 35 वर्षं. याच काळात अपंग पात्रं साकारून अपंगत्व नसलेल्या नटांनी किती ऑस्कर नेले ते तुम्हीच मोजा. 'माय लेफ्ट फूट'मधल्या डॅनियल डे-लुइसपासून सुरुवात करा. त्यांचं काम वाईट होतं असं कोणीच म्हणत नाही. छोट्या पडद्यावर जेरी ज्युएल यांनी 1980 मध्येच अमेरिकी विनोदी मालिकेत काम मिळवलं होतं. त्यांनाही सेरेब्रल पाल्सी, आणि त्याही आधी स्टँडअप करत होत्या. झायद यांची वाट म्हणजे नवा शोध नव्हे. ज्याला कोणी भूमिका देत नाही त्याने स्वतःची भूमिका स्वतः लिहावी आणि माइकसमोर उभं राहावं, किंवा बसावं. तिथे मधे कास्टिंगवाला नसतो.

झायद यांच्याशी माझं पूर्ण जमतं असं मात्र नाही. विनोद म्हणून ते बियॉन्सेचं वाक्य चोख आहे, नियम म्हणून गळकं. 'ब्रेकिंग बॅड' या अमेरिकी मालिकेतला मुलगा आठवा, कुबड्या घेऊन चालणारा. तो साकारणाऱ्या आर. जे. मिट यांना खरंच सेरेब्रल पाल्सी आहे, पण पात्रापेक्षा बरीच सौम्य. कुबड्या घेऊन चालणं, जड जिभेने बोलणं त्यांना शिकावं लागलं. म्हणजे त्यांनीही अभिनयच केला. मग रेघ कुठे मारायची? पात्र पहिल्या अंकात धावतंय आणि तिसऱ्या अंकात अंथरुणाला खिळलंय, तेव्हा काय करायचं? आणि ज्यांचं अपंगत्व दिसत नाही त्यांनी ऑडिशनला प्रमाणपत्र घेऊन यायचं का? मला ते अजिबात नको. म्हणून मी 'कोणी करावं' यावर कमी बोलते आणि 'कोणाला बोलावलं' यावर भांडते. अमेरिकेतही दडपण तिथेच आणलं गेलं: सीबीएस या वाहिनीने 2019 मध्ये आणि एनबीसीयुनिव्हर्सल या मनोरंजन कंपनीने 2021 मध्ये जे वचन दिलं ते नव्या निर्मितींसाठी अपंग कलाकारांच्या ऑडिशन घेण्याचं होतं. भूमिका द्यायचीच असं नाही. दारात येऊ द्यायचं.

दारात येणंही सोपं नसतं बरं. विनोदाचे क्लब बऱ्याचदा तळघरात, जिना उतरून. मेकअपची खोली वर, स्वच्छतागृह त्याहून लांब. 2019 मध्ये अभिनेत्री अली स्ट्रोकर यांना अमेरिकी रंगभूमीचा टोनी पुरस्कार मिळाला, व्हीलचेअर वापरणाऱ्या पहिल्या विजेत्या त्या. आणि प्रेक्षागृहातून मंचावर जायला रॅम्प नसल्यामुळे नाव पुकारलं गेलं तेव्हा त्या बाकीच्यांसारख्या खुर्चीत नव्हत्या, विंगेत थांबल्या होत्या. पैशाची गाठ तर आणखी अवघड. अमेरिकेत अनेक अपंग लोक एसएसआय या सरकारी मदतीवर असतात, आणि बहुतेक राज्यांत त्याला गरिबांचा आरोग्यविमा जोडलेला असतो. एकट्या माणसाकडे 2,000 डॉलरपेक्षा जास्त शिल्लक असली की मदतीचा हक्क जातो. ही मर्यादा 1989 पासून तीच आहे. मालिकेत दोन दिवसांचं बरं काम मिळालं, चेक खात्यात आला, तर विम्यावर गदा. मदतनिसाचा खर्च भागायचा त्या विम्यातून. मग नट विचार करतो, ही भूमिका मला परवडेल का? बाहेरून दिसतं एवढंच की अपंग कलाकार ऑडिशनला येत नाहीत.

आता तालमीकडे येते, कारण तुमचं काम तिथे आहे.

सेरेब्रल पाल्सी असलेल्या एका मुलीबरोबर मी पहिल्यांदा काम केलं तेव्हा मोठी चूक केली. तिचं बोलणं संथ म्हणून मी तिचे संवाद छाटले. लांब वाक्यं काढली, विराम काढले. हेतू चांगला. परिणाम असा की तिच्या वाट्याला फक्त 'हो', 'नाही', 'अगं बाई' उरलं, आणि चौथ्या तालमीला ती म्हणाली, "ताई, तुम्ही मला दारावरची बेल केलंय." मग आम्ही उलटं करून बघितलं. ती बोलत असताना लोक काय करतात ते पाहिलं. लोक तिचं वाक्य मनातल्या मनात पूर्ण करतात. दर वेळी. ते थांबवता येत नाही. मग ते वापरायचं ठरवलं. तिने स्वतः एक ओळ लिहिली: "डॉक्टर आईला म्हणाले, ही मुलगी कधीच..." इथे तिचा 'कधीच'मधला 'च' अडकायचा, दोन सेकंद, कधी तीन. सभागृह श्वास रोखून धरायचं; सगळ्यांनी मनात 'चालणार नाही' म्हणून टाकलेलं असायचं. आणि मग ती, शांतपणे: "...वेळेवर येणार नाही." हशा. तो ओसरता ओसरता पुढची ओळ: "आणि हे सांगायला ते दीड तास उशिरा आले होते."

हे दुसऱ्या कोणाला जमणार नाही. माझ्या गटातल्या एका चांगल्या नटीने करून बघितलं, अडखळण्यासकट. ती अडखळली की लोकांना दिसायचं, ही थांबलीय. त्या मुलीच्या वेळी कोणालाच कळायचं नाही की किती थांबणं जिभेचं आहे आणि किती तिचं. दुसऱ्या प्रयोगापासून तर तिलाही नक्की सांगता यायचं नाही.

मराठीत आणखी एक भानगड आहे. आपलं क्रियापद शेवटी येतं, आणि 'आहे', 'होतं', 'असतं' हे शेपूट हशावर पाय देतं. भराभर बोलणारा नट ते शेपूट गिळतो. संथ बोलणाऱ्याला गिळता येत नाही; लोक हसायला लागलेले आणि तिचं 'होतं' अजून यायचंय. म्हणून तुमच्या संहितेत तिच्या प्रत्येक विनोदाचं शेवटचं वाक्य तपासा. हसवणारा शब्द शेवटी आणा, शेपूट तोडा. लेखक कुरकुरेल. करू द्या. आणि तिला कोणती अक्षरं जड जातात हे तिलाच विचारा. हसवणाऱ्या शब्दाची सुरुवात त्या अक्षराने होत असेल तर तो अडथळा ठेवायचा की काढायचा हे तिने ठरवायचं.

तुमच्या अभिनेत्रीचं काय? तिला सरळ सांगा. भूमिका काढून घेतली असं वाटू देऊ नका, कारण अजून दिलेलीच नव्हती. पर्यायी नटी म्हणून तिला तयार ठेवायचा मोह होईल, 'न जाणो' म्हणून. ठेवायचीच तर सगळ्याच मुख्य भूमिकांना पर्यायी ठेवा. एकटीच्या मागे पर्याय उभा असला की त्या मुलीला पहिल्या दिवशीच कळतं की तुम्ही तिच्या पडण्याची वाट बघताय.

ब्रिटनमध्ये, आणि आता इतरत्रही, कलाकार करार करताना एक कागद देतात. त्याला ॲक्सेस रायडर म्हणतात. मला सलग किती वेळ उभं राहता येतं, संहिता किती आधी हवी, कोणत्या अक्षरात छापलेली हवी, विश्रांती किती, मदत कोणाची चालेल. पान-दीड पान. तिच्याकडून मागा, आणि एक चाल सुचवते: तो सगळ्या नटांकडून मागा. तुमच्या गटातल्या ज्येष्ठ नटाचा गुडघा गेलाय आणि तो तीन वर्षं कोणाला सांगत नाहीये, हे तुम्हाला त्या कागदावर कळेल. माझ्याकडे तसंच झालं.

थकव्याचं विसरू नका. सेरेब्रल पाल्सीत बऱ्याचदा स्नायूंवर सतत ताण असतो. तुम्हाला चहा गाळायला लागते तेवढी शक्ती तिला नुसतं ताठ बसायला लागू शकते. तिचे प्रवेश तालमीच्या सुरुवातीला घ्या, रात्री दहाला नाही. हातात माइक देऊ नका. स्टँड किंवा कॉलरचा माइक. आणि तिचा हात धरून मंचावर आणायला कोणी धावलं तर थांबवा. एन्ट्री तिची आहे. तिला विंगेपासून खुर्चीपर्यंत यायला 14 सेकंद लागत असतील, तर त्या 14 सेकंदांत दुसऱ्या नटाला काहीतरी करायला द्या, किंवा काहीच देऊ नका आणि प्रेक्षकांना तिच्याकडे बघत बसू द्या. विनोदी नाटकात ही दुसरी चाल जास्त चालते, जर आल्या आल्या ती पहिलं वाक्य बरोबर टाकत असेल.

राहिला 'प्रयोग पडला तर?' हा प्रश्न. पडेल कदाचित. विनोदी नाटकं पडतात. माझी सहा पडलीत, त्यांत अपंग कलाकार असलेलं एकच, आणि ते पडलं दुसऱ्या अंकात संहिता ढिली होती म्हणून. बाकी पाच पडली तेव्हा 'धडधाकट नट घेतले म्हणून पडलं' असं मला कोणी म्हणालं नव्हतं.

आणि ते वकिलाचं राहिलं. या नाटकात ती मुलगी सेरेब्रल पाल्सी असलेल्या तरुणीचं काम करेल, ठीक. पुढच्या नाटकात घरमालकीण आहे असं तुम्ही लिहिलंय, भाडं वाढवून सगळ्यांना छळणारी. तिचे संवाद मला पाठवा. बसून बोलणारी, सावकाश बोलणारी, समोरच्याला वाक्य पूर्ण करू न देणारी घरमालकीण मला आत्ताच दिसतेय.